आठ इंची वूफरसाठी घरी पेटी करायची आहे: आकारमान कसे ठरवावे?

कोथरूडचा_श्रोता
नमस्कार मंडळी. माझे ऐकणे मुख्यत्वे शास्त्रीय गायनाचे आहे आणि त्यातही पुरुष गायकांच्या जुन्या मैफिलींच्या ध्वनिमुद्रणांचे. त्यासाठी आठ इंची वूफरची (खालच्या सुरांच्या स्पीकरची) एक जोडी आणि ट्विटर (वरच्या सुरांचे स्पीकर) घेतले असून पेट्या घरीच बनवण्याचा विचार आहे. पुण्यातल्या तपकीर गल्लीत एका दुकानदाराने 'आठ इंचाला एक घनफूट' असा हिशेब सांगितला. दुसऱ्याने वूफर कोणता आहे हे न विचारताच तयार खोके पुढे केले. वूफरसोबतच्या कागदावर पुढील आकडे आहेत: एफएस ४५ हर्ट्झ, क्यूईएस ०.५०, क्यूएमएस ४.५, क्यूटीएस ०.४५ आणि व्हीएएस ३० लिटर. खोली १० बाय ११ फुटांची आहे. या आकड्यांवरून पेटीचे आकारमान कसे काढायचे, हे कोणी पायरीपायरीने सांगू शकेल का? तसेच, पेटी पूर्ण बंद ठेवावी की तिला पोर्ट, म्हणजे हवा आत-बाहेर जाऊ देणारी नळी, द्यावे?

पेठेतला_पाहुणा
जागा धरतो. आमच्याकडे याहून सोपी पद्धत होती. माठ आणायचा, त्याच्या तोंडावर स्पीकर उपडा ठेवायचा आणि शेजाऱ्यांची प्रतिक्रिया ऐकायची.

मंद्रसप्तक
एक घनफूट म्हणजे २८.३ लिटर. दुकानदाराचे उत्तर अगदीच टाकाऊ नाही, पण ते तुमच्या वूफरसाठी काढलेले नाही. इंचांवरून फक्त व्यास कळतो. पेटी ठरते ती शंकूचे (वूफरच्या हलणाऱ्या पडद्याचे) वजन, त्याच्या टांगणीचा ताठपणा आणि चुंबकाची पकड यांवरून, आणि म्हणूनच दोन वेगवेगळ्या आठ इंची वूफरना अनुक्रमे १० आणि ६० लिटरची पेटी लागली तरी त्यात नवल नाही.

तुमच्या कागदावरचे आकडे ही बरीच जुनी विद्या आहे. एफएस म्हणजे मोकळ्या हवेत वूफरची स्वतःची अनुनाद वारंवारता. क्यू म्हणजे त्या वारंवारतेवर शंकूचे डोलणे कितपत मोकळे राहते याचे माप: क्यूएमएस टांगणीपुरते, क्यूईएस चुंबकापुरते आणि क्यूटीएस दोन्ही मिळून. ऑस्ट्रेलियात नेव्हिल थील यांनी १९६१ साली पोर्टच्या पेट्यांचे गणित मांडले आणि रिचर्ड स्मॉल यांनी १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला ते वाढवून पूर्णत्वास नेले. तोपर्यंत बहुतेक पेट्या अंदाजाने आणि कानाने ठरत असत.

आधी बंद पेटी घेऊ. शंकू आत सरकतो तेव्हा पेटीतली हवा दाबली जाते आणि तोंड अंगठ्याने बंद केलेल्या सायकलच्या पंपाप्रमाणे ती त्याला परत ढकलते. म्हणजे शंकूला स्वतःच्या टांगणीखेरीज हवेची आणखी एक स्प्रिंग मिळते. व्हीएएस ३० लिटर याचा अर्थ असा की तुमच्या वूफरची टांगणी जितकी ताठ आहे, तितकीच ३० लिटर हवाही ताठ असते. पेटी ३० लिटरची केली तर एकूण ताठपणा दुप्पट होतो. पेटी लहान केली तर तो त्याहून वाढतो.

सूत्र असे आहे: व्हीएएसला पेटीच्या लिटरने भागा, त्यात १ मिळवा आणि वर्गमूळ काढा. या संख्येने एफएसला गुणले की पेटीतली अनुनाद वारंवारता मिळते आणि क्यूटीएसला गुणले की पेटीतला क्यू, म्हणजे क्यूटीसी मिळतो. क्यूटीसी ०.७०७ असेल तर खालच्या सुरांत उंचवटा न येता प्रतिसाद जास्तीत जास्त सपाट राहतो. हेच उलटे मांडू. ०.७०७ भागिले ०.४५ म्हणजे १.५७१, त्याचा वर्ग २.४७, त्यातून १ वजा केल्यास १.४७, आणि ३० भागिले १.४७ म्हणजे सुमारे २०.४ लिटर. पेटीतली वारंवारता ४५ गुणिले १.५७१, म्हणजे साधारण ७१ हर्ट्झ. त्या ठिकाणी आवाज ३ डेसिबलने उतरलेला असेल आणि त्याखाली दर सप्तकामागे १२ डेसिबलने उतरत जाईल.

टाकीचा_घाव
मंद्रसप्तक यांचे गणित बरोबर आहे, परंतु ७१ हर्ट्झवर थांबायचे असेल तर आठ इंची वूफर कशासाठी घ्यायचा, हा माझा प्रश्न आहे. एफएसला क्यूईएसने भागले तर ९० येतात. सर्वसाधारण संकेत असा की हे उत्तर ५० च्या खाली असेल तर बंद पेटी घ्यावी आणि १०० च्या वर असेल तर पोर्ट द्यावे. ९० हा आकडा पोर्टच्या बाजूला झुकणारा आहे.

पोर्टच्या पेटीसाठी हाताने करता येण्याजोगी अंदाजी सूत्रे आहेत. क्यूटीएसचा २.८७ वा घात घेऊन त्याला १५ ने आणि मग व्हीएएसने गुणले की तुमच्या वूफरसाठी सुमारे ४५ लिटर येतात. पोर्टची वारंवारता साधारण ३९ हर्ट्झ निघते आणि ३ डेसिबलची उतरण ३६ हर्ट्झपर्यंत खाली जाते. एवढे पदरात पडत असताना ते का सोडायचे?

लाकूडघर
कारण ४५ लिटर हे निव्वळ आकारमान आहे. वूफरने व्यापलेली जागा, पोर्टची नळी, आतला आधार आणि क्रॉसओव्हर (वूफर आणि ट्विटर यांना आपापले सूर वाटून देणारे सर्किट) यांसाठी आणखी चार लिटर धरले, तर १८ मिमीच्या फळीत पेटी बाहेरून सुमारे ५९ सेंमी उंच, ३० सेंमी रुंद आणि ३८ सेंमी खोल होते. अशा दोन पेट्या १० बाय ११ च्या खोलीत ठेवल्यावर श्रोत्याला दारात बसावे लागेल. शिवाय अशा सपाट माथ्यावर आठवडाभरात कुंडी येते, हा सार्वत्रिक अनुभव आहे.

स्वरगंधा
धागाकर्त्यांना काय ऐकायचे आहे, हे आधी पाहूया का? पुरुष गायक काळी एकमध्ये गात असेल तर त्याचा मध्य षड्ज सुमारे १३८.६ हर्ट्झवर येतो. तानपुऱ्याचा खर्ज त्याच्या बरोबर निम्म्यावर, म्हणजे ६९.३ हर्ट्झवर. मंद्रसप्तक यांची बंद पेटी ७१ हर्ट्झवर ३ डेसिबल उतरते, म्हणजे खर्जाचा मूळ स्वर थोडा मंदावेल, पण नाहीसा होणार नाही. त्यातही तानपुऱ्याच्या नादाचा मोठा भाग जवारीमुळे (तार घोडीला घासून येणाऱ्या झणकारामुळे) उमटणाऱ्या वरच्या स्वरांशांत असतो. मूळ स्वर काहीसा क्षीण असला तरी त्या स्वरांशांवरून कान खर्ज ओळखतो. ३६ ते ७० हर्ट्झ या पट्ट्यात अशा मैफिलीतले कितीसे संगीत असते? बास गिटारची सर्वांत खालची तार ४१ हर्ट्झची असते, पण ती या ध्वनिमुद्रणांत सापडणार नाही. जुन्या मुद्रणांत त्या पट्ट्यात बहुधा व्यासपीठाचा दणका आणि विजेचा ५० हर्ट्झचा गुंजारवच मिळतो.

कोथरूडचा_श्रोता
@स्वरगंधा, या दिशेने मी विचारच केला नव्हता. गायक बहुतेक काळी एक ते काळी दोनच्या दरम्यानचेच आहेत.

@टाकीचा_घाव, पोर्टचा मोह आहे, परंतु ५९ सेंमी उंचीला घरातून मंजुरी मिळणे कठीण दिसते.

सुवर्णमध्य
आकारमान ठरल्यावर लांबी, रुंदी आणि खोलीचे प्रमाण ०.६१८, १ आणि १.६१८ असे, म्हणजे सुवर्ण गुणोत्तरात ठेवावे. तिन्ही बाजू समान ठेवल्या तर आतल्या हवेचे अनुनाद एकाच वारंवारतेवर साठतात.

लाकूडघर
@सुवर्णमध्य, तत्त्व मान्य आहे. २०.४ लिटरचा घन केला तर आतली प्रत्येक बाजू २७.३ सेंमीची होईल आणि तिन्ही दिशांचा पहिला अनुनाद ६२८ हर्ट्झच्या आसपास, नेमका गायकाच्या आवाजाच्या मध्यात एकवटेल. पण तुमचे प्रमाण या आकारमानाला लावले तर आतली मापे १६.९, २७.३ आणि ४४.२ सेंमी येतात. दोन्ही बाजूंच्या फळ्या मिळवूनही समोरची रुंदी २०.५ सेंमीच राहते, आणि आठ इंची वूफरची चौकट साधारण २१ सेंमीची असते. सोने कितीही शुद्ध असले तरी वूफर त्यात बसत नाही. बाजू एकमेकींच्या साध्या पटीत नसल्या आणि आत कापूस भरला, तर तेवढे पुरे आहे.

आता नवशिक्यांचा हमखास घोटाळा सांगतो. बाहेरून ४० बाय २५ बाय ३० सेंमी ही पेटी कागदावर नेमकी ३० लिटरची दिसते. १८ मिमीची फळी प्रत्येक दिशेने दोनदा वजा केल्यावर आतली मापे ३६.४, २१.४ आणि २६.४ सेंमी उरतात. त्यांचा गुणाकार २०.६ लिटर होतो. म्हणजे जवळपास एक तृतीयांश हवा फळ्यांतच गेली. सुताराला माप देताना ते 'आतले' की 'बाहेरचे', हे कागदावर लिहून त्याखाली रेघ मारावी.

ओमचा_नियम
या चर्चेत सगळेजण दशांशात शिरले आहेत, म्हणून थोडा विरोधी सूर लावतो. समजा पेटी २०.४ ऐवजी २४.५ लिटरची झाली, म्हणजे २० टक्के मोठी, तर क्यूटीसी ०.६७ येतो. १६.३ लिटरची झाली, म्हणजे २० टक्के लहान, तर ०.७६ येतो. हा फरक तुमच्या खोलीत कोणाला ऐकू येईल, असे मला वाटत नाही. पेटी अगदी ७.६ लिटरची केली तर क्यूटीसी १ होतो आणि तेव्हाही उंचवटा फक्त सव्वा डेसिबलचा असतो. खालचा सूर मात्र लवकर संपतो.

याउलट खोलीचा विचार कोणीच केलेला नाही. १० आणि ११ फुटांच्या भिंतींमधले पहिले अनुनाद अनुक्रमे ५६ आणि ५१ हर्ट्झच्या आसपास येतात. पेटी कोपऱ्यात सरकवली तर तिथे कित्येक डेसिबलची वाढ होते. ३६ हर्ट्झपर्यंत उतरणारी पोर्टची पेटी अशा खोलीत घुमेल, तर ७१ हर्ट्झपासून हळूहळू उतरणाऱ्या बंद पेटीला हीच खोली आधार देईल. वूफरचे कारखान्यातले आकडेसुद्धा नगागणिक बरेच बदलतात. त्यामुळे पेटी अर्ध्या लिटरने चुकल्याची चिंता करण्यापेक्षा ती भिंतीपासून किती अंतरावर ठेवावी, याचा प्रयोग करावा.

टाकीचा_घाव
@ओमचा_नियम, बंद पेटीबाबत तुमचे म्हणणे मान्य. पोर्टच्या पेटीत मात्र इतकी सैल वागणूक चालत नाही. तिथे आकारमान बदलले की पोर्टची वारंवारताही सरकते आणि नळीची लांबी नव्याने काढावी लागते.

ज्यांना हवे असेल त्यांच्यासाठी तो हिशेब देऊन ठेवतो. नळीच्या आतल्या व्यासाचा सेंटिमीटरमध्ये वर्ग करा आणि २३५६२ ने गुणा. वारंवारतेचा वर्ग आणि लिटर यांच्या गुणाकाराने त्याला भागा. शेवटी व्यासाची ०.७३ पट त्यातून वजा करा. सुमारे ४५ लिटर आणि ३९ हर्ट्झसाठी ५ सेंमी व्यासाची नळी जेमतेम ५ सेंमी लांब, ७ सेंमीची साडेअकरा सेंमी, तर १० सेंमीची जवळजवळ २७ सेंमी लांब लागते. अरुंद नळी सोपी दिसते, परंतु आवाज वाढवल्यावर तिच्यातून हवा फुसफुसते. पीव्हीसी पाइपवर लिहिलेला ७५ किंवा ११० मिमी हा आकडा बाहेरच्या व्यासाचा असतो. सूत्रात आतला व्यास घालायचा असतो.

तळजाईचा_वारा
माझ्याकडे जुन्या बाजारात मिळालेले दोन सहा इंची वूफर आहेत. त्यांवर ८ ओम याखेरीज काहीही लिहिलेले नाही. अशा वेळी काय करायचे?

ओमचा_नियम
@तळजाईचा_वारा, मोजायचे. वूफर टेबलापासून दूर, हवेत राहील असा पक्का धरा. अ‍ॅम्प्लिफायर आणि वूफर यांच्यामध्ये १ किलोओमचा रेझिस्टर मालिकेत जोडा, मोबाइलवरच्या टोन जनरेटरने २० हर्ट्झपासून वर जात राहा आणि मल्टिमीटरने वूफरच्या दोन टोकांमधला एसी व्होल्टेज पाहा. तो ज्या वारंवारतेला सर्वाधिक होईल, ती एफएस. मीटरला मिलिव्होल्ट वाचता यायला हवेत, आणि अ‍ॅम्प्लिफायरमधून निदान काही व्होल्ट यायला हवेत.

नंतर आकारमान माहीत असलेल्या एखाद्या हवाबंद खोक्यावर वूफर बसवून पुन्हा मोजा. वारंवारता वर सरकलेली दिसेल. समजा मोकळ्या हवेत ६२ आणि १५ लिटरच्या खोक्यात ८८ हर्ट्झ आले. ८८ ला ६२ ने भागून वर्ग करा, १ वजा करा आणि १५ ने गुणा. व्हीएएस सुमारे १५ लिटर निघतो. क्यूसाठी शिखराच्या दोन्ही बाजूंची वाचने लागतात. संगणक असेल तर 'रूम ईक्यू विझार्ड' ही मोफत प्रणाली ते सर्व काम स्वतः करते.

पेठेतला_पाहुणा
माझ्या माठाची चेष्टा समजून कोणीच उत्तर दिले नाही. माठाचे आकारमान तर पाणी ओतून अचूक मोजता येते. तुमच्या सूत्रात तो बसतो की नाही?

निवृत्त_ध्वनिमुद्रक
बसतो, आणि सूत्राच्या दृष्टीने त्यात चेष्टेचे काही नाही. सूत्राला लिटरशी मतलब असतो, आकाराशी नाही. गोल पेटीचा एक खरा फायदाही आहे. अमेरिकेतल्या आरसीए कंपनीच्या हॅरी ऑल्सन यांनी वेगवेगळ्या आकारांच्या पेट्यांवर प्रयोग केले, तेव्हा बाहेरच्या बाजूने गोलाचा प्रतिसाद सर्वांत नितळ आला होता, कारण त्याला आवाज विखुरणाऱ्या कडा नसतात. अडचण आतल्या बाजूला आहे. गोलात सर्व दिशांची अंतरे सारखीच असल्याने अनुनाद एकत्र येतात, त्यामुळे आत भरपूर कापूस हवा. दुसरे म्हणजे कच्चा माठ पाझरतो तसा हवाही सोडतो, म्हणून तो आतून रंगाने बंद करावा लागतो. स्पीकर माठावर नुसता उपडा ठेवला तर कडेने हवा निसटते आणि ते गणित ना बंद पेटीचे राहते, ना पोर्टचे. तो घुमारा लोकांना आवडत असे, हे मात्र मी नाकारत नाही.

कापसाचा विषय निघालाच आहे तर सांगतो. उशीत भरतात तो पॉलिएस्टरचा कापूस सैलसर भरला की हवेच्या दाबण्या-फुगण्यातली उष्णता तो शोषतो आणि पेटी आहे त्यापेक्षा मोठी भासते. कागदावर ही वाढ ४० टक्क्यांपर्यंत जाऊ शकते. प्रत्यक्षात १० ते १५ टक्के धरावी. लाकूडघर यांची २०.६ लिटरची पेटी वूफर, आधार आणि क्रॉसओव्हर वजा करता साडेअठरा लिटरपर्यंत खाली येईल आणि कापूस भरल्यावर पुन्हा २०.४ च्या आसपास पोहोचेल. म्हणजे ४० बाय २५ बाय ३० हे बाहेरचे माप धागाकर्त्यांच्या वूफरला जसेच्या तसे चालेल. पोर्टच्या पेटीत मात्र कापूस असा ठासू नये. तिथे भिंतींना पातळ थर पुरेसा असतो.

टाकीचा_घाव
ठीक आहे, या खोलीसाठी आणि या संगीतासाठी बंद पेटीच योग्य, हे मी मान्य करतो. पण 'बंद पेटी लहान असूनही सगळे देते' असा समज कोणी करून घेऊ नये. एडगर व्हिल्चर यांनी १९५४ मध्ये एआर-१ ही हवेच्या स्प्रिंगवर चालणारी छोटी बंद पेटी बाजारात आणली, तेव्हा खोल बास मिळाला खरा, परंतु त्यासाठी अधिक ताकदीचा अ‍ॅम्प्लिफायर लागू लागला. हॉफमन यांच्या नावाने ओळखला जाणारा नियम हेच सांगतो की लहान पेटी, खोल बास आणि कमी वॅटमध्ये मोठा आवाज, या तिन्हींपैकी दोनच मिळतात. तितक्याच कार्यक्षमतेने एक सप्तक खाली जायचे असेल, तर पेटी आठपट मोठी करावी लागते.

कोथरूडचा_श्रोता
सर्वांचे आभार. बंद पेटी, बाहेरून ४० बाय २५ बाय ३०, आत कापूस, असे ठरवत आहे. दोन शंका उरल्या आहेत. एमडीएफ (लाकडाचा भुसा दाबून केलेली फळी) घ्यावे की प्लायवूड? आणि पुढेमागे एकाच पेटीत दोन वूफर बसवायचे झाले तर हेच माप चालेल का?

लाकूडघर
दुसऱ्या शंकेचे उत्तर छोटे आहे. चालणार नाही. तेच दोन वूफर एका पेटीत आले की व्हीएएस दुप्पट धरावा लागतो आणि पेटीही दुप्पट करावी लागते.

पहिल्या शंकेवर लोक वर्षानुवर्षे भांडत आले आहेत. एमडीएफ एकसारखे असते, स्वस्त पडते, वूफरचे गोल भोक त्यात सुबक निघते आणि रंगही चांगला बसतो. पण पुण्याच्या पावसाळ्यात त्याच्या कापलेल्या कडा ओल धरून फुगतात, म्हणून कडांना सीलर किंवा पातळ केलेल्या फेविकॉलचे दोन हात द्यावेत. प्लायवूडला ओलीचा त्रास कमी, परंतु हलक्या प्रतीच्या प्लायच्या थरांत पोकळ्या असतात आणि त्या खुळखुळतात. भवानी पेठेतल्या टिंबर मार्केटमध्ये घेणार असाल तर कापलेली कड पाहूनच घ्या. मी तुमच्या जागी असतो तर १८ मिमी एमडीएफ घेतले असते.

कापण्याची मापे एका पेटीसाठी अशी: ४० बाय २५ चे दोन तुकडे पुढे आणि मागे, ४० बाय २६.४ चे दोन बाजूंना, २१.४ बाय २६.४ चे दोन वर आणि खाली. दोन्ही पेट्यांचे मिळून बारा तुकडे ४ बाय ४ फुटांच्या अर्ध्या शीटमध्ये बसतात, करवतीचे ३ मिमी धरूनही. दोन्ही पेट्यांचे सारखे तुकडे यंत्राची पट्टी न हलवता एकाच वेळी कापून घ्या, म्हणजे जोडी खरोखरच जोडी होईल. आत बाजूंच्या दोन फळ्यांमध्ये एक आडवी पट्टी चिकटवा, नाहीतर ४० सेंमीची फळी स्वतःच वाजू लागते.

स्वरगंधा
पेटी खरोखर हवाबंद झाली आहे का, हे घरच्या घरी कसे तपासायचे?

मंद्रसप्तक
वूफरच्या शंकूवर मध्याच्या दोन्ही बाजूंना बोटे टेकवून तो हलकेच, सरळ आत दाबा आणि धरून ठेवा. हाताला हवेचा प्रतिकार जाणवायला हवा आणि तो काही क्षण टिकायला हवा. प्रतिकार लगेच नाहीसा झाला तर कुठेतरी गळती आहे. ती बहुतेक वेळा वायर बाहेर काढतो त्या टर्मिनलच्या चौकटीत किंवा वूफरच्या कडेखाली सापडते. चौकटीला सिलिकॉन लावा आणि वूफरखाली पातळ फोमची पट्टी द्या. वूफरखाली सिलिकॉन लावू नका, कारण पेटी पुन्हा उघडून कापूस कमी-जास्त करण्याची वेळ येणारच आहे.